राजेसाब नदाफांची तांबडी फुली

वकिलाला कायदा येतो अशी लोकांची समजूत आहे. आम्ही वकिलांनी ती कधी खोडून काढली नाही, कारण तिच्यावरच आमची चूल पेटते. खरं म्हणजे वकिलाला कायदा कुठं लिहिलाय एवढं माहीत असावं लागतं, आणि आम्हां सोलापूरच्या वकिलांना तेही माहीत नव्हतं. ते राजेसाबांना माहीत होतं.

राजेसाब नदाफ हे धोत्रीकर लॉ लायब्ररीचे ग्रंथपाल. लायब्ररी कोर्टामागच्या गल्लीत, एका दिवंगत वकिलाच्या मुलांनी वडिलांच्या नावानं चालवलेली. दोन खोल्या, एक लांबलचक टेबल, अकरा कपाटं. पन्नाससाठ वकील वर्गणी भरून तिथं बसत. अडुसष्ट साली नवी कोरी सनद घेऊन मी पहिल्यांदा गेलो, तेव्हा दाराशी एक उंच, काटकुळा माणूस मांडीवर पुस्तक पालथं घालून त्याच्या पाठीला खळ लावत बसला होता. मला वाटलं, शिपाई असेल.

"ग्रंथपाल कुठंयत?" मी तोऱ्यात विचारलं.

"हितंच हायत. हात भरल्यात त्येंचे. काय पायजे?"

राजेसाब मूळचे केमचे, पिंजाऱ्याच्या घरातले. वडील गाद्या भरायचे. हे मराठी चौथी होऊन सोलापुरात आले आणि एका बाइंडरच्या दुकानात लागले. शेहेचाळीस साली थोरल्या धोत्रीकर वकिलांनी त्यांना फाटकी पुस्तकं बांधायला आठ दिवसांसाठी बोलावलं. आठ दिवसांत कपाटं लागली, महिन्याभरात मागितलेलं पुस्तक मागितल्याबरोबर हातात मिळायला लागलं, आणि मग त्यांना जा म्हणायची कुणाची छाती झाली नाही. चौथी शिकलेला माणूस तीन हजार इंग्रजी पुस्तकांचा कारभारी झाला. इंग्रजी त्यांना येत होतं ते असं: आकडे सगळे, अक्षरं सगळी, शब्द चाळीसएक. त्यांत 'अमेंडेड', 'रिपील्ड' आणि 'ओव्हररूल्ड' हे तीन अगदी पक्के. निवाड्यातलं एकही वाक्य त्यांना लागत नसे, आणि त्याचं त्यांना काही वाटतही नसे.

पण डोकं म्हणाल तर विचारू नका. आपण जाऊन म्हणावं, "राजेसाब, बक्षीसपत्र करून दिल्यावर म्हातारा फिरला, असं काही आहे का?" ते छताकडं बघत म्हणायचे, "बावन साल, तिसरं कपाट, सहाशेच्या फुडं. कुर्डुवाडीच्या गार्डाच्या केसला लागलं हुतं. थोरली लेक रडत हुती की, ती केस." त्यांना कायदा कायदा म्हणून आठवत नसे. कुठलं पुस्तक कुणाच्या भांडणाला कामी आलं, ते आठवे. सुईणीला गावातली पोरं आठवतात तसं. कोर्टात त्यांनी कधी पाऊल टाकलं नाही, पण हरलेले जिंकलेले सगळे पक्षकार त्यांना नावानिशी ठाऊक. वकील संध्याकाळी पुस्तक परत द्यायला आला की ते पहिलं विचारायचे, "काय झालं?"

त्यांची दोन कामं फार मोलाची होती. एक चिठ्ठ्यांचं. दिल्लीत नाहीतर मुंबईत कुणी कायद्यातला एक शब्द बदलला, की तो छापील तुकडा कापून राजेसाब मूळ पुस्तकात त्या ओळीवर नेमका बसवायचे. मैद्याची खळ, तीत चिमूटभर मोरचूद, म्हणजे कसर लागत नाही. भाडेकायद्याचं आमचं पुस्तक अशा चिठ्ठ्या खाऊन खाऊन पोट सुटलेल्या शेठजीसारखं टेबलावर आडवं पडलेलं असे.

दुसरं काम फुलीचं. हायकोर्टाचा एखादा निवाडा पुढं कधी मोठ्या बेंचनं चुकीचा ठरवला, की तो मेला. पण जुन्या पुस्तकात तो जिवंत असल्यासारखाच छापलेला राहतो. एखादा नवखा वकील तो कोर्टात वाचून दाखवतो, समोरचा वकील गालात हसतो, आणि जजसाहेब चष्म्यावरून बघतात. ही फजिती टाळायला राजेसाब नवा खंड आला की पानापानावर बोट फिरवत 'ओव्हररूल्ड' हा शब्द शोधायचे. शेजारी कुठला खंड, कुठलं पान दिलंय ते बघायचे, आणि जुन्या पुस्तकात त्या निवाड्याच्या डोक्यावर तांबड्या पेन्सिलीनं फुली मारायचे. फुली दिसली की आम्ही पान उलटायचो. मेलेल्याची नाडी कोण बघतो? माझ्या सीनियरांनी मला पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं, "राजेसाबची फुली म्हणजे हायकोर्टाची सही समज." मी समजलो. वाचण्याचे कष्ट वाचवणारी गोष्ट समजायला मला कधी वेळ लागला नाही.

चौऱ्याहत्तर सालच्या एक एप्रिलला नवी फौजदारी प्रक्रिया संहिता आली आणि राजेसाबांच्या पायाखालची फरशी पहिल्यांदा हलली. अठ्ठावीस वर्षं पाठ केलेली कलमं रातोरात बदलली. नवऱ्यानं टाकलेल्या बाईच्या पोटगीची चारशे अठ्ठ्याऐंशी गेली, एकशे पंचवीस आली. पाचशे एकसष्ट-अ ची चारशे ब्याऐंशी झाली. "आता ह्येला चिठ्ठी कुटं लावायची?" ते मला म्हणाले. "सगळं पुस्तकच चिठ्ठी झालंय." आम्ही हसलो. तेही हसले, पण त्यानंतर ते छताकडं बघून आकडा सांगेनासे झाले. आधी पुस्तक उघडायचे, मग सांगायचे.

शहात्तर साली धोत्रीकरांच्या मुलांना सुधारणेची हुक्की आली. तेव्हा सगळीकडंच शिस्तीचं वारं होतं, भिंतीभिंतीवर वक्तशीरपणाच्या पाट्या होत्या. त्यांनी ग्रंथालयशास्त्राची पदवी घेतलेली एक मुलगी नेमली. नाव दाक्षायणी. धारवाडला शिकलेली, चोवीस-पंचवीसची, मराठी बोलता बोलता मध्येच कानडीत मोजणारी. तिनं लाकडी खणांचं एक कपाट आणवलं आणि प्रत्येक पुस्तकासाठी, प्रत्येक विषयासाठी, पुढं प्रत्येक निवाड्यासाठी जाड कागदाचं कार्ड लिहायचं ठरवलं. आम्हां वकिलांना वाटलं, आता सासूसुनेचा तमाशा बघायला मिळणार. पैजासुद्धा लागल्या. तसलं काही झालं नाही. ती त्यांना मामा म्हणायची, ते तिला बाई म्हणायचे. ती विचारायची आणि ते सांगायचे, आणि त्यांच्या डोक्यातलं एकेक करून त्या खणांत उतरत होतं. एकदा ते मला म्हणाले, "ब्येस झालं. मी मेलो तर तुमी वकीललोक कपाटाम्होरं रडत बसला असता." यात चेष्टा किती आणि खरं किती, ते मी विचारलं नाही.

दाक्षायणीची एक खोड होती. ती कुणाच्या सांगण्यावर कार्ड लिहीत नसे. फुली दिसली की ती विचारायची, "मामा, ही कशावरून मारली?" राजेसाब नंतरचा खंड काढून द्यायचे, ती ते पान वाचायची, आणि मगच कार्डावर 'रद्द' लिहायची. तीनशे सतरा फुल्या होत्या. तिनं तीनशे सतराही तपासल्या. तीनशे सोळा बरोबर निघाल्या.

सप्टेंबरातल्या एका शनिवारी, कोर्ट सुटल्यावर, राजेसाब स्वतः माझ्या ऑफिसात आले. लायब्ररीतून ते कधी कुणाच्या ऑफिसात जात नसत. हातात जुन्या धोतराच्या फडक्यात बांधलेलं पुस्तक. खुर्ची दिली तर बसले नाहीत.

"साहेब, एक फुली चुकली," ते म्हणाले.

"एकच ना? मग मिठाई वाटा."

"एकोणसाठ सालचं बुक. पान चारशे बारा. तुमी काढलं हुतं. भात्तर साली, जगदेवीच्या केसला."

जगदेवीची केस मला आठवली. न आठवायला काय झालं, हरलेली होती. बाळीवेशीजवळ एका वाड्यात एक खोली. भाडेकरू रंभाबाई, विधवा, निपुत्रिक. तिनं बहिणीची पोर तीन वर्षांची असताना आणून वाढवली, तीच जगदेवी. लग्न करून दिलं, जावई बिरदेव गिरणीत बदली कामगार, तोही तिथंच राहायला आला. सगळे एका खोलीत, एका चुलीवर. जगदेवी विड्या वळायची आणि मावशीला सांभाळायची. एकाहत्तर साली रंभाबाई वारली आणि तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी मालकाची नोटीस आली: भाडेकरू मेली, खोली सोडा. मालकाचं म्हणणं, भाची ही काही वारस नव्हे. आमचं म्हणणं, भाडेकरूच्या कुटुंबातलं माणूस तिच्याबरोबर राहत असेल तर कायदा त्याला संरक्षण देतो. वाद एवढाच होता की भाची 'कुटुंबात' बसते का. मी लायब्ररीत गेलो, राजेसाबांनी दोन पुस्तकं काढून दिली. एकात काही नव्हतं. दुसऱ्यात चारशे बारा पानावर निवाड्याचं शीर्षक जुळण्यासारखं वाटलं, पण वर फुली होती. मी पान उलटलं. केस गेली, अपीलही गेलं. त्र्याहत्तर सालच्या मे महिन्यात, सोलापूरच्या त्या उन्हात, जगदेवीचा संसार रस्त्यावर आला.

राजेसाबांनी फडकं सोडलं आणि चूक कशी झाली ते सांगितलं. मुंबईचे हे निवाडे वर्षाला एक खंड असे निघतात आणि खंडांना आपले वेगळे क्रमांक असतात. खंड एकोणसाठ म्हणजे सत्तावन साल. एकोणसाठ सालचा खंड एकसष्टावा. हे राजेसाबांना झोपेतही माहीत होतं. पण ती पुस्तकं त्यांनी स्वतः नव्यानं बांधली होती, आणि आम्ही वकील सालानं मागतो म्हणून पाठीवर सोनेरी आकड्यांत साल घातलं होतं. खंडाचा बारीक क्रमांक आत पहिल्या पानावर राहिला. बासष्ट साली नव्या पुस्तकात 'एकोणसाठ, चारशे बारा, ओव्हररूल्ड' असं दिसलं. ते कपाटाशी गेले, पाठीवर एकोणसाठ दिसलं, चारशे बारावर निवाडा सुरू होतच होता, फुली मारली. आत उघडून क्रमांक बघायचा राहिला; मेला होता तो सत्तावनच्या पुस्तकातला निवाडा. तीनशे सतरा वेळांत तेवढी एकदाच.

"सोळा फुल्या मारल्या त्या दिवशी," ते म्हणाले. "अजीजाला बाळंतपणाला दवाखान्यात न्ह्यायचं हुतं. घाईत हुतो." अजीजा त्यांची मुलगी. मग तेच म्हणाले, "पन ती सबब झाली."

मी पान चारशे बारा वाचलं. चार वर्षांपूर्वी वाचायला हवं होतं ते. मामानं लहानपणापासून वाढवलेली, त्याच्याच घरात राहणारी भाची, मामा मेल्यावर मालकानं काढायला केलेला दावा. न्यायमूर्तींनी पाच ओळींत निकाल दिला होता: रक्ताची लेक नसली तरी अशी भाची भाडेकरूच्या कुटुंबातलीच, तिला काढता येणार नाही. नावं बदलली तर ती आमचीच केस होती. राजेसाबांना इंग्रजी येत नव्हतं, त्यांची चूक एका आकड्याची. मला येत होतं. डोक्यावर फुली असली तरी खालच्या पाच ओळी कुणी खोडल्या नव्हत्या. त्या वाचून मी फुली कशावरून मारली एवढं विचारलं असतं, तर त्याच संध्याकाळी चूक सापडली असती.

आणि आणखी एक गोष्ट होती, ती राजेसाबांना माहीत नव्हती. अपील हरल्यावर जगदेवी कोर्टाच्या पायऱ्यांवर मला विचारत होती, "का गेलं ओ साहेब?" केस हरल्यावर पक्षकाराला सांगायचं एक ठरलेलं वाक्य आमच्या धंद्यात आहे, सगळेच वापरतात. मी ते वापरलं. म्हणालो, "तुमची साक्ष आडवी आली, बाई." उलटतपासात तिला विचारलं होतं, तू रंभाबाईची मुलगी का? ती म्हणाली होती, "न्हाय, भाची." तेवढ्यावर बोट ठेवून मी माझे हात झटकले. बिरदेव शेजारी उभा होता. तो तिला म्हणाला, "लेक म्हनाया तुजी जीब झडली हुती काय?" मी गाऊन काढून जेवायला गेलो.

"आता काय करता येतंय?" राजेसाबांनी विचारलं.

मी त्यांना सगळं समजावून सांगितलं. मुदत कधीच संपली. खोली पाडून मालकानं तिथं तीन दुकानं काढली. ज्यांनी निकाल दिला ते जजसाहेब बदलून गेले. नवा अर्ज केला तरी पहिल्या तारखेला फेटाळला जाईल. एकेका वाक्याला ते मान हलवत होते. कायद्याच्या घरात तीस वर्षं राहिलेला माणूस, दारं किती आहेत हे त्यांना माझ्याइतकंच माहीत होतं. तरी ते प्रत्येक दार मला पुन्हा विचारत होते.

पुढच्या आठवड्यात ते सगळ्यांकडं जाऊन आले. धोत्रीकरांचे थोरले चिरंजीव म्हणाले, "गप्प राहा. बाहेर कळलं तर लायब्ररीवर कोण विश्वास ठेवील?" एक ज्येष्ठ वकील म्हणाले, "अहो, दाखवला असता तरी जजनं मानला असताच असं कुठंय?" हे वाक्य मला फार आवडलं. त्या दिवसांत मी ते स्वतःशी पुष्कळ वेळा म्हटलं. दाक्षायणीनं फुली खोडरबरानं पुसून द्यायची तयारी दाखवली, तर राजेसाब नको म्हणाले. तिनं कार्ड मात्र लिहिलं: निवाडा लागू आहे. चौदा वर्षांनी त्या पानाला जीव आला, आणि त्याचा उपयोग आता दुसऱ्या कुणाला तरी होणार होता.

"मंग बाईला सांगाय तरी पायजे," राजेसाब म्हणाले.

मी म्हणालो, सांगू. तारखा आहेत, पुढच्या आठवड्यात बघू. पुढच्या आठवड्यात मला सर्दी झाली. त्याच्या पुढं दिवाळी आली. दर शनिवारी कोर्ट सुटलं की ते ऑफिसच्या दारात येऊन उभे राहत. माझा कारकून त्यांना चुकवायला शिकला. शेवटी ते म्हणाले, "तुमचं होत न्हाय तर मी एकला जातो." तेव्हा मात्र मी तयार झालो. माझं मन पाघळलं म्हणून नव्हे. हा माणूस एकटा गेला तर तिथं काय काय बोलेल, याची मला धास्ती वाटली.

पुढचं आधी सांगून टाकतो. सत्त्याहत्तरच्या मार्चअखेर राजेसाब लायब्ररी सोडून केमला गेले. कुणी काढलं नाही. दाक्षायणीनं तर रडून बघितलं. निरोपाला आम्ही शाल दिली, भाषणं केली, मीही बोललो, आणि माझ्या भाषणाला सगळ्यांत जास्त टाळ्या पडल्या. त्या जानेवारीपासून त्यांनी एकही फुली मारली नव्हती. नवा खंड आला की ते तो न उघडता दाक्षायणीच्या टेबलावर ठेवायचे. पुस्तकं तेवढी बांधत राहिले. त्यांच्या हातची बांधणी अजून सुटलेली नाही. केममध्ये त्यांनी परत गाद्या भरायला घेतल्या असं ऐकलं. मी कधी गेलो नाही, मुंबईची गाडी केमवरूनच जात असूनही.

तर शहात्तरच्याच नोव्हेंबरातल्या एका रविवारी दुपारी आम्ही दोघं जगदेवीकडं गेलो. कुमठ्याच्या रस्त्याला पत्र्याच्या खोल्यांची एक रांग होती, तिच्यात शेवटची. पत्रा तापलेला, आत दोन पोरं निजलेली. जगदेवी दारातल्या सावलीत मांडीवर सूप घेऊन विड्या वळत होती. पस्तिशीची असेल, पन्नाशीची दिसत होती. बिरदेव बाजेवर बसला होता. मला बघून तो उठला, खांद्यावरच्या टॉवेलनं बाज झटकली. गरिबांच्या घरी केस हरलेल्या वकिलालाही मान असतो.

राजेसाब खाली बसले, जगदेवीच्या समोर. त्यांनी फडकं सोडून पुस्तक मांडीवर ठेवलं आणि सगळं सांगितलं. खंड, साल, पाठीवरचे आकडे, फुली. त्यांना सोपं करून सांगता येत नव्हतं, आणि सोपं करून सांगायला ज्याला येत होतं तो बाजेवर गप्प बसला होता. जगदेवीचे हात चालूच होते. पान, तंबाखू, वळ, दोरा.

"मंग आता खोली मिळंल काय?" बिरदेवनं मला विचारलं.

"नाही," मी म्हणालो.

"मंग सांगाय कशाला आलाव?"

"चूक माजी हुती म्हणून," राजेसाब म्हणाले. "बाईची न्हवती."

जगदेवीचे हात थांबले. "म्हंजे मी भाची म्हनाले म्हणून न्हाय गेली?"

"न्हाय माय. भाची म्हनालीस म्हणूनच ऱ्हायली असती. ह्या पानात तसंच लिवलंय. भाचीलाच ठेवलंय त्येंनी."

तिनं सूप बाजूला ठेवलं. नवऱ्याकडं वळली. साडेतीन वर्षं त्या पत्र्याखाली काय चाललं असेल ते तिच्या वळण्यावरून मला कळलं. पाऊस आत आला की, पोर आजारी पडलं की, भाडं थकलं की, दर वेळी बिरदेवचं ते पायरीवरचंच एक वाक्य. "ऐकलं काय?" ती म्हणाली. आवाज अगदी लहान होता.

"ह्यो लायब्ररीतला मानूस," बिरदेव म्हणाला. "वकीलसायेब म्हनू देत की. वकीलसायेब, तुमीच पायरीवर म्हनाला हुता, साक्ष आडवी आली म्हणून. म्हनाला हुता का न्हाय?"

राजेसाबांनी मान वर करून माझ्याकडं बघितलं. हे त्यांना नवीन होतं. बघता बघता त्यांना सगळं समजलं असावं. त्यांनी पुस्तक उघडलं, चारशे बारावर बोट ठेवलं आणि ते माझ्यापुढं धरलं.

"साहेब, तेवडं वाचून दावा की त्येनला. पाचच वळी हायत."

बिरदेवला इंग्रजी येत नव्हतं. जगदेवीला येत नव्हतं. राजेसाबांनाही येत नव्हतं. ते पान वाचू शकणारा तिथं मी एकटाच होतो. वाचलं असतं तर दोन मिनिटं लागली असती. पण वाचल्यावर बिरदेवनं पुढचं विचारलं असतं: हे तेव्हा का नाही वाचलं? तो गिरणीत पाचशे माणसांत बसणारा. त्या रांगेतले, त्या गिरणीतले माझे किती पक्षकार होते, हे मला तोंडपाठ होतं.

"असं तुकड्यातुकड्यानं वाचून काय कळणार," मी म्हणालो. "कायद्यात एकच एक कारण नसतं, बिरदेव. थोडं हेही होतं, थोडं साक्षीचंही होतं."

"त्येच म्हंतोय मी," बिरदेव म्हणाला, आणि टॉवेल खांद्यावर टाकून बाहेर गेला.

राजेसाबांनी पुस्तक मिटलं. बराच वेळ ते फडक्याची गाठ मारत होते, ती बसत नव्हती. जगदेवी त्यांना म्हणाली, "चाचा, उनाचं आलाव, च्या घेऊन जावा." आत जाऊन तिनं स्टोव्ह पेटवला. चहा आला. एक कप त्यांना दिला. एक मलाही दिला, आणि मी तो प्यालो.